तळकोकण कुठे संपतं

मालवणच्या एसटी स्टँडवर आईने मासळीची टोपली भिंतीशी ठेवली, हात पदराला पुसले आणि माझ्या कपाळावरचे केस मागे सारले. बाबा त्या दिवशी होडीवर गेले नव्हते. पुण्याची गाडी लागली होती. मी नर्सिंगच्या कोर्सला निघाले होते, १९९८ साली, आमच्या वाडीतून शिकायला बाहेर पडणारी पहिली मुलगी.

"कोणी विचारला तर सांग, मालवणची आसंय. घाबरू नको," आई म्हणाली.

बाबांना तेवढं पुरेसं वाटलं नाही. "नुसती मालवणची नाय गो. तळकोकणातली सांग. विजयदुर्गापासून तेरेखोलापर्यंत सगळो आपलो मुलूख." बाबांचं कोकण असं समुद्रावरून मोजलेलं. दर्यावरून जेवढा किनारा दिसला तेवढा आपला. पाठीमागे डोंगर कुठवर जातात, याच्याशी त्यांना कधी काम पडलं नव्हतं.

पुण्यात मला जागा मिळाली तीही 'तळकोकणातली' म्हणूनच. आपल्याकडच्या काही मंडळींनी एक मंडळ काढून एका जुन्या इमारतीत दुसऱ्या मजल्यावर मुलींसाठी दोन खोल्या चालवल्या होत्या. सहा खाटा, एक स्टोव्ह, बाहेरच्या बाजूला न्हाणी. ती जागा मिळावी म्हणून बाबा दोनदा कणकवलीला जाऊन, पुण्याहून घरी आलेल्या अण्णांना, मंडळाच्या चिटणिसांना, भेटले होते. अण्णा कडक, पण प्रामाणिक. बाजारात मिळाली तर आमच्यासाठी माशांच्या आमटीत घालायची तिरफळं आणून द्यायचे. त्यांच्याबद्दल मी वाईट लिहिणार नाही.

तुम्ही गावातच राहिला असाल तर तुम्हाला हे कळणार नाही, पण बाहेर पडलं की आपला मुलूख आखडतो आणि फुगतो. कॉलेजात सगळ्यांना मी नुसती 'कोकणातली' होते. चिपळूणची मैत्रीण म्हणायची, तुम्ही खालचे, तुमचं कोकण वेगळं. खोलीतली देवगडची मुलगी हायवेवरच्या तळेऱ्याच्या अलीकडे आपलं काही मानतच नसे, कारण तिची गाडी तिथूनच घराकडे वळायची. आम्ही यावरून हसत भांडायचो. तोवर ते हसण्यासारखंच होतं.

दुसऱ्या वर्षी आमच्याच कॉलेजात सुनंदा आली. आंबोलीची. थोडी भातशेती, रस्त्याकडेला चहाची टपरी, एवढ्यावर चाललेलं घर. कॉलेजचं हॉस्टेल भरलेलं होतं आणि आमच्याकडे एक खाट रिकामी होती. तिचे वडील भिजलेली छत्री दाराबाहेर ठेवून उभे होते. अण्णांनी अर्ज वाचला आणि परत दिला.

"आंबोली घाटावर आहे. ही जागा तळकोकणातल्या मुलींची. तुम्ही कोल्हापूरकडे बघा."

"जिल्हो सिंधुदुर्गच आसा," तिचे वडील हळू म्हणाले. "खाली सावंतवाडीत गेलो तर आमका घाटी म्हणतत. वर आजऱ्याक गेलो तर कोकणे. आमी जावचा खंय?"

अण्णांनी नकारार्थी मान हलवली. नियम होता. जागा नसेल तर मुलीला परत नेणार, असं वडील बोलून गेले. सुनंदा माझ्याकडे बघून म्हणाली, "माका घराक जावचा नाय." रडत नव्हती. नुसतं सांगत होती.

मी म्हटलं, रविवारी मंडळाची बैठक आहे, तोवर ती माझ्या खाटेवर राहील. हे बोलायचं मी ठरवलं नव्हतं. तोंडातून गेलं. अण्णांनी अर्ज परत मागून घेतला. म्हणाले, "रविवारपर्यंत."

बैठकीत पाचजण होते. माझी प्रमाण मराठी तेव्हा घसरायची, म्हणून वाक्यं वहीत लिहून नेली होती. मी प्रत्येकाला एकच विचारलं, तळकोकण कुठून कुठवर? एकजण म्हणाले, खारेपाटणच्या पुलापासून. दुसऱ्यांना राजापूर हवंच होतं, त्यांची आई तिथली. तिसरे म्हणाले, समुद्राचा वारा लागतो तिथपर्यंत. यावर चौथे चिडले, कारण त्यांचं गाव फोंडाघाटाखाली, तिथे कसला समुद्राचा वारा?

"घाट लागला की संपतं," अण्णा म्हणाले.

"पायथ्याशी की माथ्यावर?"

"पायथ्याशी."

"कुठे लिहिलंय?"

"सगळंच लिहिलेलं नसतं, पोरी."

हात वर झाले. तीन विरुद्ध दोन. सुनंदाला नाही म्हणाले. मी त्याच संध्याकाळी माझी ट्रंक खाली आणली. कोणी मला जा म्हटलं नव्हतं. पण ज्या रेघेच्या आत मी होते ती कुणी कधी ओढलेलीच नव्हती, आणि त्या रेघेसाठी एक मुलगी परत जाणार होती. तिथे मला झोप लागली नसती.

मला आणि सुनंदाला मिळून धनकवडीत पत्र्याची खोली मिळाली. नळ सकाळी तासभर. संध्याकाळी मी एका दवाखान्यात काम धरलं आणि त्या वर्षी एका विषयात नापास झाले. पुन्हा बसले, पास झाले. मंडळाची जागा सोडली हे मात्र बाबांना फोनवर मी एका दमात सांगून टाकलं होतं. त्यांनी त्या खाटेसाठी दोन फेऱ्या मारल्या होत्या. सगळं ऐकून त्यांनी विचारलं, "खोली गावली?"

"गावली."

"दाराक कडी बरी आसा?"

"आसा."

"मगे झाला."

सुनंदा आता सावंतवाडीत नर्स आहे. मी पुण्यातच राहिले. नोकरी पक्की झाल्यावर आम्ही दोघींनी पगारातून पैसे घालून पुण्यात एक फ्लॅट भाड्याने घेतला, नर्सिंगच्या मुलींसाठी. चार खाटा. फॉर्मवर गावाचं नाव लिहायला जागा आहे, पण त्यावरून काही ठरत नाही, असं मी अभिमानाने सांगत असे.

मग २०१० च्या पावसात गगनबावड्याची एक मुलगी आली. एकच खाट रिकामी होती. जिल्हा कोल्हापूर. मालवणी येत नाही. मागून कुडाळच्या एका मुलीचा अर्ज येणार होता, तिच्या मावशीने तसं कळवलं होतं. मी पेन हातात धरून थांबले. मनात आलेलं वाक्य होतं, ही काही आपल्याकडची नव्हे. ते मला स्वच्छ ऐकू आलं. मला माझी फार लाज वाटली.

कुडाळच्या मुलीसाठी मी हॉलमध्ये पाचवी खाट टाकली. गगनबावड्याच्या मुलीचे वडील खाली रिक्षापाशी उभे होते. मी जिना उतरून गेले आणि सांगितलं, "जागा आहे. तिचं सामान वर आणा."

मला अजून कुणी विचारतं, घर कुठे? मालवण म्हणते, ते खरंच आहे. पण जिथे दार माझ्या हातात आहे आणि उघडायचं की नाही हे मला ठरवायचं आहे, तेही माझं घर. तिथला मुलूख किती मोठा, हे रोज ठरवावं लागतं.