साहेबांचा सहा तासांचा रस्ता

कवळीमास्तरांना राग यायला कारण लागत नाही, असं त्यांच्याबद्दल बोललं जातं. हे साफ खोटं आहे. कारण लागतं, फक्त ते त्यांना रोज मिळतं. कुणी डॉक्टर घाईघाईत हिरड्यांचं माप घेतो आणि वाकडंतिकडं पाठवून देतो. कुणी पेशंट नवे दात घालून पहिल्याच दिवशी हाडूक चघळायला बसतो आणि वर म्हणतो, कवळी कच्ची निघाली. अशा वेळी माणसाने काय करायचं? हसायचं? मास्तर हसत नाहीत. हातातला साचा टेबलावर आपटतात, तो फुटतो, मग तो पुन्हा करावा लागतो म्हणून आणखी चिडतात.

एकतीस वर्षं ते कवळ्या करतायत. दुसऱ्या मजल्यावर दोन खोल्यांची लॅब आहे. पुढच्या खोलीत प्लास्टरची पांढरी धूळ आणि मेणाचा वास, मागच्या खोलीत घासायची मोटर. तिच्यावर पॉलिशवाली बसते. ती चौदा वर्षं तिथे आहे आणि मास्तरांना न घाबरणारं त्या इमारतीतलं ते एकमेव माणूस. मास्तर ओरडायला लागले की ती मोटर चालू करते. बास.

घरी मास्तर एकटेच. लग्नाच्या भानगडीत पडले नाहीत. आई होती तोवर आई आणि ते. मोठी बहीण, म्हणजे ताई, शहराच्या दुसऱ्या टोकाला पडदे शिवून देते, बसने चाळीस मिनिटं. राग तिच्याही नाकावर, खानदानीच. आणि या भावाबहिणीने सहा वर्षांत एकमेकांशी एक शब्द बोललेला नव्हता.

भांडण झालं ते आईच्या कवळीवरून. ती मास्तरांनी स्वतः केली होती, दोन महिने खपून, एकेक दात आईच्या जुन्या फोटोवरून जुळवून. त्यांच्या हातून त्याहून चांगलं काम झालेलं नाही. आईचे शेवटचे दिवस ताईकडे गेले आणि ताईने ती कवळी काढून ठेवली. मास्तर पोहोचले तेव्हा आई गेलेली, तोंड आत बसलेलं, आणि कवळी कपाटावर एका वाटीत. मास्तरांच्या तळपायाची आग मस्तकात गेली. आल्यागेल्या माणसांसमोर ते ताईला नको नको ते बोलले. ताईने सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाली, "तिला टोचायची ती. तू चिडशील म्हणून अकरा महिने तिने सहन केलं."

मास्तर जिना उतरून गेले ते गेले. ताईनेही हाक मारली नाही.

पण साहेब येत-जात राहिले.

साहेब म्हणजे गाढव. खरं नव्हे, खेळातलं. भांडणाच्या पाच वर्षं आधी ताईचा पाय मोडला होता, तेव्हा ती पडून पडून वैतागू नये म्हणून मास्तरांनीच तिच्या फोनवर तो खेळ घालून दिला. शेतघर, अंगण, सलगम लावा, कोंबड्या पाळा, असला प्रकार. एकटीने काय खेळायचं म्हणून स्वतःच्याही फोनवर घातला. ताईच्या अंगणात एक शिंगरू जन्मलं. ते पहिल्या दिवसापासून मान वर करून असं काही उभं राहायचं की आईने त्याचं नावच साहेब ठेवलं. त्या खेळात एका घरचा प्राणी दुसऱ्या घरी धाडता यायचा. ठरलं की एक आठवडा साहेब ताईकडे, एक आठवडा मास्तरांकडे, दर रविवारी बदली. रस्त्याला सहा तास लागायचे. खरोखरचे सहा तास! खेळ बनवणाऱ्यांना त्यात मोठी गंमत वाटली असणार. झाडं, ओढा, पूल, चढण, आणि त्यातून टुकूटुकू चाललेलं गाढव, दोन्ही घरांना दिसणारं. एकदा निघालं की मागे वळायचं नाही, थांबायचं नाही.

भांडण झालं त्या रविवारी मास्तरांना वाटलं, आता कसले येतायत साहेब. पण आले. पाठीवरच्या पोत्यात नेहमीसारखी चार सलगमं. पुढच्या रविवारी मास्तरांनी परत धाडले, पोत्यात नेहमीसारखा एक कांदा. चिठ्ठी घालायची सोय खेळात नव्हती, आणि असती तरी या दोघांनी घातली नसती. एकदा मास्तरांचं मनगट मोडलं. साहेबांना खरारा करायला जमलं नाही, ते मळकेच ताईकडे गेले. पुढच्या खेपेला पोतं फुगून आलेलं. आत चाळीस अंडी. फोन नाही, विचारपूस नाही, चाळीस अंडी. मास्तर त्या अंड्यांकडे बघत बसले आणि मग पॉलिशवालीवर उगाच ओरडले.

अशी सहा वर्षं गेली. मग कंपनीचं पत्र आलं.

जुना खेळ बंद होणार. नवा येतोय, अधिक सुंदर, अधिक वेगवान. 'आपल्या लाडक्या सोबत्यांना नव्या जगात घेऊन या!' सोबती म्हणे. खाली बारीक अक्षरांत नियम. प्राणी ज्याच्या अंगणात उभा असेल, त्यालाच तो नव्या खेळात नेता येईल. नव्या खेळात प्राणी एका घरून दुसऱ्या घरी धाडता येणार नाहीत. तिथे रस्ताच नाही. ज्याचं त्याचं कुंपण, आणि कुंपणाला फाटक नाही. शेवटची मुदत बुधवार, दुपारी बारा. तेव्हा रस्त्यात असलेला प्राणी नेता येणार नाही.

ज्या कुणा शहाण्याने हा नियम लिहिला, त्याला भाऊबहीण नसणार. असली तर गोड बोलणारी असणार.

मास्तरांनी कंपनीला अकरा पत्रं लिहिली. पहिल्यात विनंती होती, तिसऱ्यापासून विनंती नव्हती. 'रस्ता काढून टाकायला तुमच्या काय बापाचं जात होतं?' हे सातव्यातलं. दर वेळी दोन मिनिटांत उत्तर यायचं. दोन मिनिटांत माणूस वाचतो का? 'आपल्या भावना आमच्यापर्यंत पोहोचल्या आहेत. कोंबड्यांच्या खाद्याविषयी माहिती हवी असल्यास एक दाबा.' नवव्या पत्रानंतर मास्तरांनी खरंच एक दाबून पाहिलं. कोंबड्यांच्या खाद्याविषयी माहिती आली.

"अहो, एक फोन करा ना ताईंना," पॉलिशवाली म्हणाली. "कुणी न्यायचं ते ठरवा. पाच मिनिटांचं काम आहे."

"मी का करू? तिला हात नाहीत?"

"तुम्हालाही आहेत."

"तू मोटर चालू कर."

शेवटच्या रविवारी साहेब मास्तरांकडे आले. म्हणजे न्यायचा हक्क मास्तरांचा. सोमवारी जेवणाच्या सुट्टीत त्यांनी नव्या खेळात न्यायचं, 'प्राणी हलवा' हे बटण काढलं. बोट टेकवणार तोच मनात आलं, शिंगरू जन्मलं तिच्याकडे. आता आपण नेलं तर ती म्हणेल, बघा, शेवटी पळवलंच. तिने म्हटलेलं त्यांना तिथे बसल्या जागी ऐकू आलं आणि ते चिडलेसुद्धा. मग त्यांनी साहेबांच्या पोत्यात होतं नव्हतं ते सगळं भरलं. निळी झूल, घंटा, हिवाळ्याची टोपी, खराऱ्याचा ब्रश. म्हणजे काय? म्हणजे ने बाई, तूच ने, सामानासकट ने. आणि साहेबांना वाटेला लावलं.

माणसाने चिठ्ठीऐवजी टोप्या पाठवल्या तर समोरच्याने त्याचा काय अर्थ लावायचा? ताईने लावायचा तो लावला. मंगळवारी संध्याकाळी तिने साहेबांना परत धाडलं. बुधवारी सकाळी सातला, चहा गॅसवर ठेवून मास्तरांनी फोन पाहिला, तर साहेब दारात उभे. झूल अंगावर, घंटा गळ्यात, टोपी डोक्यावर, ब्रश झुलीत खोचलेला. पोतं रिकामं. एक सलगमसुद्धा नाही.

अकरा वर्षांत पोतं कधी रिकामं आलं नव्हतं.

मास्तरांचा पारा जो चढला तो चढला. दिलेलं नको? आपलं गाढवही नको? एवढा माज? चहा उतू गेला, त्यांनी भांडं तसंच मोरीत ढकललं. त्या वेळी त्यांनी नुसतं 'हलवा' दाबलं असतं तरी साहेब वाचले असते, ही गोष्ट जगातल्या कुठल्याही शांत माणसाला कळली असती. मास्तरांनी 'धाडा' दाबलं. सात वाजून दहा मिनिटांनी. घे म्हणावं, तुला कसं नको ते बघतो.

साडेनऊला ते लॅबमध्ये मेणात दात बसवत होते. वरचे सहा बसले होते, सातवा चिमट्यात होता. तो तसाच राहिला. सात दहा. आठ दहा, नऊ दहा. दुसऱ्या हाताच्या बोटांवर त्यांनी मोजलं, मग पुन्हा मोजलं. एक वाजून दहा मिनिटं.

"काय झालं?" मागच्या खोलीतून पॉलिशवाली.

मग ती मोटर बंद करून बाहेर आली. एकतीस वर्षांचा कसबी कारागीर, सहा तास ज्याला पाठ, तो फोन समोर धरून फुटलेल्या साच्यासारखा बसला होता. पडद्यावर साहेब पहिल्या झाडांमधून चालले होते, टोपी घालून, मान वर करून, काही घाई नाही.

"थांबवा ना त्याला."

"थांबत नाही तो."

"मग मागे फिरवा."

"नाही फिरत! एकदा निघाला की नाही फिरत! सांगून ठेवलंय का कुणी त्याला, की तुझा मालक गाढव आहे?"

त्यांनी कंपनीला बारावं पत्र लिहिलं. एकच ओळ, एक तास द्या. उत्तर दोन मिनिटांत. भावना पोहोचल्या होत्या.

मग काम झालंच नाही. सव्वादहाला साहेब ओढ्याशी. अकराला पुलावर. "पाय उचल," मास्तर म्हणत होते. "उचल रे पाय, साहेबा. पळ की जरा. खाऊन खाऊन सुस्तावलाय." पॉलिशवाली स्टूल ओढून शेजारी बसली होती आणि पहिल्यांदाच तिला ओरडणाऱ्या मास्तरांवर मोटर चालू करावीशी वाटली नाही. अकरा पंचावन्नला साहेब चढणीला लागले. वर ताईच्या घराचं छप्पर दिसत होतं. त्या छपराखालून तीही हेच बघत असणार, हे मास्तरांच्या तेव्हा लक्षात आलं.

बाराला पडदा पांढरा झाला. 'आमच्यासोबत खेळल्याबद्दल धन्यवाद.' खाली एक हसरी कोंबडी.

मास्तर उठले. त्यांना कुणालातरी फाडून खायचं होतं आणि कंपनीला तर तोंडच नव्हतं. त्यांनी नंबर लावला. सहा वर्षांत लावला नव्हता तरी बोटांना आठवत होता. एक घंटी पुरी व्हायच्या आत तिकडून फोन उचलला गेला.

"रिकामं पोतं पाठवतेस?" मास्तर गरजले. नमस्कार नाही, कशी आहेस नाही. "अकरा वर्षांत रिकामं पोतं? एवढी मस्ती?"

"सहा तास लागतात!" ताई तितक्याच जोरात. "सहा! अकरा वर्षं धाडतोयस आणि सहा तास मोजता येत नाहीत तुला? लोकांच्या तोंडात बत्तीस दात कसे मोजून बसवतोस रे, मेल्या?"

"मी तुला दिला होता तो! तुझ्याकडे जन्मला म्हणून! झूल-टोपीसकट दिला होता!"

"दिला? घरातून सामान बाहेर फेकतात तसं सगळं भरून पाठवलंस, आणि दिला म्हणतोस? मला वाटलं संपवलंस सगळं. मला वाटलं, आता तेवढंही नको झालंय तुला."

"मग ठेवायचा होतास ना!"

"कशाला ठेवू?" ताईचा आवाज फाटला. "मला काय करायचंय गाढवाला? पडदे शिवू की गाढव चारू? दर रविवारी तुझ्याकडून यायचा म्हणून ठेवत होते मी त्याला! त्या नव्या खेळात जाऊन एकटाच माझ्या अंगणात उभा राहिला असता, कुंपणाच्या आत. त्याला बघून मी काय करणार होते?"

पॉलिशवाली हळूच उठून मागच्या खोलीत गेली आणि दार लोटून घेतलं. फोनमधून ताईचा श्वास ऐकू येत होता, रागाचा, जिना चढून आल्यासारखा. मास्तरांचा फोनचा हात खाली आला आणि फोन टेबलावर ठक्कन टेकला.

"ठेवू नकोस!" ताई ओरडली. "फोन ठेवलास तर बघ! सहा वर्षांचं बोलायचंय मला, अजून सुरुवातसुद्धा केली नाही मी!"

"मी कुठे ठेवतोय!" मास्तरही ओरडले, आणि धुळीने भरलेल्या स्टुलावर खाली बसले. "बोल की. बोल."