आमी ठरवलं

परळीत घरोघरी केबल आली, त्या वर्षी मी तिथं एक खोली भाड्यानं घेऊन राहत होते. संशोधनाचा विषय भारदस्त होता: मासिकांतल्या आणि टीव्हीवरच्या गर्भनिरोधकांच्या जाहिरातींतली स्त्री. गल्लीत मात्र मी ‘पेपर कापणारी बाई’. घरमालकिणीनं पहिल्याच दिवशी विचारलं, “मालक कुठं असत्यात?” मालक नाहीत म्हटल्यावर बोलणंच संपलं. कधीकधी दिवसभरात एक शब्द बोलायची वेळ येत नसे. कात्रणांवर थर्मल वीजकेंद्राची राख बसायची, ती पुसायची, पुन्हा वाचायचं. स्वतःला फार शहाणी समजत होते मी, आणि फार एकटी होते.

समोरच्या पत्र्याच्या घरातली एकच बाई माझ्याकडे येऊन बसायची. पंचविशीची, तीन लेकरांची, दरवर्षी दसऱ्यानंतर नवऱ्याबरोबर ऊसतोडीला जाणारी. तिला वाचता येत नव्हतं, पण कात्रणं ती माझ्यापेक्षा नीट बघायची. गोळ्यांचं पाकीट हातात धरून हसणाऱ्या बाईवर बोट ठेवून एकदा म्हणाली, “हिच्या घरात दुसरं कुणीच न्हाई का?” मी हसले आणि वाक्य वहीत उतरवून घेतलं. पुढे प्रबंधात त्यावर चार पानं लिहिली.

एका दुपारी ती आली आणि उंबऱ्यातच बसली. तिचं पोट कितीतरी महिने दुखत होतं.

“ताई, आमी पिशवी काढून टाकायचं ठरवलंय. डाक्टर म्हणला, तोडीला जायच्या आधी उरकून घ्या. तुमाला काय वाटतं?”

पिशवी म्हणजे गर्भाशय, हे मला ठाऊक होतं. या वयात ते असं काढू नये, आधी दुसऱ्या डॉक्टरला दाखवावं, हेही कळत होतं. पण बाईच्या शरीराचा निर्णय बाईनंच घ्यायचा, हे मी इतकं घोकलं होतं की तोंडातून तेच निघालं.

“शरीर तुझं आहे. तू ठरवलंस ना, मग झालं.”

ती पदर सावरून निघून गेली. मी वहीतल्या तिच्या पानावर लिहिलं, ‘निर्णय स्वतःचा’. मनातून खूशही झाले. आता सांगायला लाज वाटते.

ऑपरेशननंतर भेटायला गेले, तेव्हा ती बाजेवर भिंतीकडे तोंड करून पडली होती.

“तू ठरवलं होतंस, म्हणून मी काही बोलले नाही,” मी म्हणाले. तिनं विचारलंही नव्हतं.

“म्या कवा ठरवलं? आमी म्हंजी घरच्यांनी. सासूनं, ह्यांनी.”

“मग तसं सांगायचंस ना.”

ती माझ्याकडे वळली.

“शिकलेल्या बाईचं ऐकत्यात हे. तुमी न्हाई म्हणावं म्हणूनच आलते, ताई. मला म्हणता येत नव्हतं.”