ब्लाउजले चेहऱ्याचं माप लागत नाही

आमच्या मूर्तिजापूरच्या शिवणक्लासात चिंध्या आणि किस्से सारखेच साठतात. चिंध्या निदान उशीत भरता येतात.

बोंडअळीनं कपाशी खाल्ली त्या वर्षी आम्ही तिघींनी ब्लाउज कटिंगचे व्हिडिओ टाकायला सुरुवात केली. क्लास आणि आवाज शबाना आपांचा, हात कल्पनाचे, मोबाइल माझा. कल्पनाचे सासरे रिटायर्ड मास्तर. त्यांनी आधीच बजावलं होतं, "मोबाइलवर चेहरा दिसला तर मशीन घराबाहेर ठेवीन." आणि त्या वर्षी तिच्या घरची चूल त्या मशीनवरच पेटत होती. म्हणून व्हिडिओत फक्त हात, कात्री आणि खाली अंथरलेलं मास्तरांचं जुनं धोतर. पांढऱ्यावर कापड छान उठून दिसतं.

*

एका भाऊंची रोज कमेंट, "ताई, चेहरा तरी दाखवा."

आपांनी मला उत्तर लिहायला लावलं, "भाऊ, ब्लाउजले चेहऱ्याचं माप लागत नाही."

व्हिडिओपेक्षा त्या उत्तरालाच जास्त लाइक्स पडले!

*

एकदा कुणीतरी कळवलं, "ताई, मागच्या स्टीलच्या डब्यात तुमचं नाक दिसून राहिलं." कल्पना रडायलाच लागली.

आपांनी व्हिडिओ थांबवला, मोठा करून पाहिला आणि म्हणाल्या, "रडू नको बाई. हे नाक माहं हाय."

*

अमरावतीला अस्तर आणायला गेलो. आपा बुरख्यात, उन्हामुळे आम्ही दोघी स्कार्फमध्ये. तिघींचे मिळून सहा डोळे तेवढे उघडे. आपा दुकानदाराला म्हणाल्या, "दोन मीटर सुती द्या," आणि शेजारची बाई गर्रकन वळली. "तुमी व्हिडिओवाल्या ताई ना? तुमच्या आवाजावर मी चार ब्लाउज शिवले."

मला तर तिथंच अभिमानानं भरून आलं.

*

आणि मग एका दुपारी मास्तर स्वतः क्लासात आले. हातात मोबाइल, त्यावर आमचाच व्हिडिओ. कल्पनाची कात्री थांबली. मला तिचं मशीन अंगणात ठेवलेलं दिसायला लागलं.

"मामाजी, चेहरा कुठंच दाखवला नाही," ती कशीबशी म्हणाली.

मास्तरांनी स्क्रीनवर बोट ठेवलं. "हे रफू माह्या हातचं हाय. सोताचा चेहरा झाकला, अन् माह्यं धोतर साऱ्या दुनियेले दाखवून राहिली?"



मास्तरांनी पिशवीतून कोरी पांढरी चादर काढली. धोतर घडी करून पिशवीत टाकलं, चादर टेबलावर अंथरली, हातानं सुरकुत्या काढल्या आणि भिंतीला टेकून उभे राहिले.

"काढा आता व्हिडिओ," ते मला म्हणाले. "फक्त मी दिसलो नाही पाहिजे."