पाळकाचा शुक्रवार

कुवेतमधल्या आमच्या मराठी ख्रिस्ती मंडळीवर कुणी बिशप नाही. पाळक आम्हीच हात वर करून नेमतो आणि हात वर करूनच काढतो. नगरकडच्या आमच्या आजे-पणजांची ही रीत. तिचा मला फार अभिमान होता. आता तिचाच संताप येतो.

विजयकुमार पाटोळे चौदा वर्षं आमचे पाळक. पोटासाठी मीना अब्दुल्लातल्या एका गोदामात स्टोअरकीपर. उपदेश ते कामावर जाता-येता बसमध्ये लिहायचे. कुणी आजारी पडलं की रिग्गईतल्या घरून निघालेच. माझे यजमान इथे वारले, तेव्हा शवागारात दिवसभर तेच उभे होते. तो शुक्रवार होता, इथल्या सुट्टीचा आणि म्हणून आमच्या उपासनेचा वार. त्या दिवशी उपासना झाली नाही, आणि कुणी चकार शब्द काढला नाही.

मागच्या महिन्यात त्यांच्या गोदामातला सुतार शत्रुघ्न झोपेतच गेला. गुहागरकडचा, इथे एकटाच राहणारा. पेटी शुक्रवारच्या विमानाने जायची होती आणि सील करण्याआधी ओळख पटवायला कुणीतरी हवं होतं. विजयकुमार तिकडे धावले. इकडे चर्चच्या आवारातल्या, तासाभरापुरत्या मिळणाऱ्या खोलीत आम्ही तीसजण घड्याळ बघत बसलो.

पुढच्या शुक्रवारी पंचांचे प्रमुख प्रज्वल उभे राहिले. "पाळक मंडळीचा असतो. परक्यासाठी उपासना बुडवायची, तर आम्हाला दुसरा पाळक बघावा लागेल."

मला बसवेना. "माझ्या नवऱ्यासाठी बुडवली, तेव्हा कुठे होता तुम्ही?"

"ते आपले होते, ताई."

हात वर झाले. एकोणीस. ज्यांच्या लेकरांना या माणसाने बाप्तिस्मा दिला, ज्यांच्या आईबापांना माती दिली, त्यांचेही. जनाची नाही, मनाची तरी वाटायला हवी होती. आणि विजयकुमार? हात त्यांनीच मोजले, "मंडळीने ठरवलं" म्हणाले आणि मागच्या रांगेत जाऊन बसले. मला त्यांचाही राग आला.

नंतरच्या शुक्रवारी प्रज्वलनी मोबाइलवरून कुणाचा तरी उपदेश अडखळत वाचला. उपासना संपल्यावर मागे येऊन म्हणाले, "पाळकसाहेब, दुसरं कुणी मिळेपर्यंत तुम्हीच चालवा की."

विजयकुमार 'बरं' म्हणणारच होते. पण त्यांची बायको विनिता, चौदा वर्षांत सभेत कधी तोंड न उघडलेली, उठली.

"शुक्रवारी ह्यांना वेळ नाही," ती म्हणाली. "कुणी परकं गेलं, तर जायला माणूस नको?"