ज्वालामुखीवर पहारा

तिचं नाव मी विचारलंच नाही. त्या वर्षी इंग्लंडमधल्या लीड्समध्ये आम्ही दूरच्या एका बेटावरून आलेल्या कुटुंबांसाठी भांडत होतो. ज्वालामुखीने त्यांची घरं गाडली होती. आता सरकार म्हणे, तो शांत झालाय, परत जा. निर्लज्जपणा नुसता. तिने शास्त्रज्ञ म्हणून त्याच ज्वालामुखीवर अनेक वर्षं पहारा ठेवला होता, म्हणून त्या कुटुंबांनीच तिला आमच्या हॉलवर बोलावलं; ती सगळी तिला नुसतं ‘डॉक्टर’ म्हणायची.

आल्या आल्या तिने बूट-मोजे काढले आणि गारठलेल्या फरशीवर तळपाय टेकवले. बाहेरून बस गेली की ती बोलता बोलता थांबायची, पायांनी फरशीची थरथर ऐकायची, मग वाक्य पुरं करायची. थोड्या वेळाने बेटावरच्या एका आईनेही चपला काढल्या.

मी सह्यांसाठी काढलेल्या पत्रकाचा मथळा दाखवला: ‘ज्वालामुखी पुन्हा फुटणार’.

“खोडा. ते मला माहीत नाही.”

“अहो मॅडम, ‘माहीत नाही’वर सही कोण करेल?”

“मागच्या वेळीही मी हेच म्हटलं होतं. बेटावरच्या सरकारी साहेबांनी त्याचा अर्थ ‘फुटणार नाही’ असा घेतला. लोक शेतात बटाटे काढायला गेले, ते परत आलेच नाहीत. आत्ताही कित्येक दिवस एक हादरा नाही. मला त्याचीच भीती वाटते.”

“डॉक्टर,” त्या आईने विचारलं, “पोरांना घेऊन जाऊ का?”

तिने तळपाय फरशीवर घट्ट दाबले.

“माझी मुलं मी तिथे एक रात्रही झोपवणार नाही. हे छापा.”

मी तेवढंच छापलं. बाकी पान कोरं ठेवलं. स्टेशनबाहेर ते वाटताना मला घोषणा द्यावीशी वाटली नाही.