लिफ्टमधली नसबंदी

माझी नसबंदी झाल्याचं अख्ख्या इमारतीला कळलंय, हे सर्वांत शेवटी मला कळलं.

खरं तर सगळं गुपचूप उरकायचं होतं. दोन्ही मुलींच्या वेळी वैशालीचं सिझेरियन झालेलं. डॉक्टर तिला आणखी एका ऑपरेशनबद्दल सांगू लागले, तसा मी खुर्चीतून ताडकन उठलो. "नाही! आता माझी पाळी!" (उठायची काय गरज होती, देव जाणे! पण वैशालीनं ज्या नजरेनं पाहिलं, त्या नजरेनं तिनं लग्नातही पाहिलं नव्हतं.) लोकांना 'हर्निया' सांगायचं ठरलं.

क्लिनिकमध्ये मी दोनदा टेबलावरून उतरून दाराकडे निघालो, तेव्हा डॉक्टरांनी गुंगीचंही औषध दिलं. मग काय विचारता! भीती, लाज, सगळं खलास! परतताना वैशाली गाडी चालवत होती. शारजातले अल मजाजचे टॉवर खाडीच्या पाण्यात उलटे होऊन हलकेच डुलत होते आणि त्यांच्याबरोबर मीही. डोळे मिटले, तर काय सुंदर स्वप्न! मी ढगावर उभा, भोवती माणसं, आणि माझं भाषण चाललेलं. "बंधूंनो! बायकांनीच किती सोसायचं? नसबंदी करा! इवलंसं काम आहे!" ढग संथपणे वर चालला होता. मधूनच 'टिंग' व्हायचं आणि एखादा श्रोता उतरून जायचा.

सकाळी थोरलीनं विचारलं, "बाबा, व्हॉट्स नसबंदी? यू केप्ट शाउटिंग इट इन द लिफ्ट!"

मी उशीत तोंड खुपसतोय तोच बेल वाजली. दारात शेजारच्या डिसोझा वहिनी, वसईच्या. नवऱ्याला दंडाला धरून आणलेलं.

"भाऊ, काल काय सुंदर बोललात! यांना जरा परत सांगा ना!"

आग्नेलभाऊंचा चेहरा पांढराफटक. "हबीबी, खरं सांग. दुखतं?"

"छे! मुंगी चावल्यासारखं."

"भीती?"

"भीती कसली त्यात?" मी मांडीवरची उशी सावरत म्हणालो.

तेवढ्यात वैशाली डाव्या हातानं चहाचे कप घेऊन आली. उजव्या मनगटाला क्रेप बँडेज.

"अगो, हाताला काय झालं?" वहिनी.

"काही नाही. डॉक्टरांनी इंजेक्शन नुसतं दाखवलं, तेव्हा यांनी माझा हात धरला होता."

आग्नेलभाऊंनी बँडेजकडे पाहिलं, मग माझ्याकडे, आणि त्यांच्या चेहऱ्यावर रंग परतला.

"ह्याला जमलं?" ते बायकोला म्हणाले. "मग यल्ला, घे अपॉइंटमेंट!"