गेणूचा अंगठा

निरवांगीच्या रेशन दुकानात म्हाळसाचा अंगठा सहसा पहिल्या झटक्यात लागत नाही. निम्मं आयुष्य लोकरीचं सूत काढण्यात गेलं, उरलेलं उसातल्या खुरपणीत चाललंय. बोटांवरच्या रेषा पुसट झाल्यात. दुकानदार रामहरी ओल्या फडक्यानं तिचा अंगठा पुसतो, काचेवर दाबतो, पुन्हा पुसतो. मागच्या रांगेला तोवर गप्पांना जागा मिळते.

दिवाळीच्या आधीच्या आठवड्यात मात्र अंगठा पहिल्याच दाबाला लागला. मशीन वाजलं. रामहरीनं त्याकडं बघून भुवया वर केल्या.

"वैनी, तुमचं उचललंय."

"काय उचललंय?"

"धान्य. तिघांचंबी."

"मी तर आत्ता आली."

"तुमी न्हाय. गेणूआबानं." रामहरीनं मोबाइलवर काहीतरी उघडून दुकानाचा नंबर वाचला आणि डोकं खाजवलं. "ह्यो भोरचा दिसतोय. आता कुठंबी उचलता येतंय ना. कार्ड जवळ नसलं तरी चालतं. आधार नंबर आन् अंगठा, बास."

मागून आक्काबाई बोलली. तिचं घर म्हाळसाच्या घरापासून हाकेच्या अंतरावर आणि तोंड त्याहून जवळ. "बघा बया. नवरा दोन वरसं रुपाया धाडीना, आन् बायकूच्या पिशवीतलं मात्र बरोबर घावलं."

रांग हसली. म्हाळसानं रिकामी पिशवी घडी करून काखेत धरली. तिला धान्याचं दुःख झालं नव्हतं. गेणूचा अंगठा अजून कुठंतरी चालताबोलता आहे, हे तिला पहिल्यांदाच पक्कं कळलं होतं.

गेणू घरातून गेला त्याला दोन वर्षं झाली होती. त्याआधी त्यांचा स्वतःचा कळप होता. दर साल दसऱ्यानंतर तो मेंढरं घेऊन पश्चिमेला निघायचा, भोरवरून घाट उतरून कोकणात, आणि पावसाच्या तोंडावर परत यायचा. ते साल वेगळं गेलं. निघायच्या आधीच रस्त्यावर एका पिकअपनं त्याला उडवलं आणि मांडीचं हाड मोडलं. तो बारामतीत दवाखान्यात पडून होता, आणि त्याच महिन्यात त्यांच्या लेकीच्या, छकुलीच्या नर्सिंगच्या प्रवेशाची मुदत संपत होती. म्हाळसानं व्यापारी बोलावला.

गेणूच्या घराण्यात एक रीत होती. कितीही अडचण आली तरी कळप मुळासकट विकायचा नाही, एक तरी मेंढी बियाण्याला ठेवायची. आजोबांनी बहात्तरच्या दुष्काळातसुद्धा एक ठेवली होती, असं घरात सांगत. व्यापारी म्हणाला, सगळा लॉट देत असशील तर आत्ता देतो, नाहीतर पुढच्या बाजारी बघू. म्हाळसानं सगळा दिला. शेवटची मेंढी गाडीत चढत नव्हती. तिला मागून ढकलली ती म्हाळसानंच.

गेणू काठी टेकत घरी आला तेव्हा मेंढरांच्या रिकाम्या वाड्यापुढं उभा राहिला. हात उचलला नाही, शिवी दिली नाही. एवढंच विचारलं, "बी ठिवलंस का?"

म्हाळसानं नकारार्थी मान हलवली.

"जिच्यापायी इकलीस तिच्यासमोर मेंढरं मोजायला येईन एक दिस," तो म्हणाला. मग पायात बळ आल्यावर दुसऱ्याच्या कळपावर चाकरीला गेला. छकुली तेव्हा बारामतीच्या वसतिगृहात होती. तिला म्हाळसानं सांगितलं, आबानंच विकली मेंढरं, तुझ्या शिक्षणासाठी, राजीखुशीनं. आणि कळपाविना घरात करमेना म्हणून गेला. छकुलीनं ते खरं मानलं. मोबाइलवर बापाचा एक जुना फोटो ठेवला, मेंढराचं पिलू खांद्यावर घेतलेला.

ह्या एका खोट्यावर म्हाळसाचं घर उभं होतं. गेणू ज्या दिवशी पोरीसमोर येऊन मोजायला लागेल, त्या दिवशी ते खाली बसणार होतं. आणि दोन वर्षं मनात काहीतरी धरून रानोमाळ फिरलेला माणूस नुसतं मोजून थांबेल, याची तिला खात्री नव्हती.

रेशनची वाट मात्र तिनंच त्याला दाखवली होती. रेशन कार्डावर तीन नावं: कुटुंबप्रमुख म्हाळसा, मग गेणू, मग छकुली. गेणू गेल्यावरही त्याचं नाव तिनं तसंच राहू दिलं, त्याच्या वाटचं धान्य आणत राहिली. मग ई-केवायसी निघाली. ज्याचा अंगठा लागणार नाही त्याचं नाव कटणार, असं रामहरीनं फळ्यावर लिहिलं. गेणूकडं मोबाइल नव्हता. तेव्हा म्हाळसानं धनगरांचं जुनं टपाल वापरलं. गेणूचा भाचा मल्हार कळप घेऊन निघाला होता, त्याच्याजवळ निरोप दिला. मल्हारनं तो वाटेत भेटलेल्या कळपाला सांगितला, त्यांनी पुढच्याला. "जितं रेशनचं दुकान दिसंल तितं अंगठा लावा, न्हायतर नाव कटंल." एका कळपाकडून दुसऱ्याकडं जात निरोप गेणूपर्यंत पोचला. त्यानं अंगठा लावला. तिथल्या कुणीतरी त्याला सांगितलं असणार की ह्याच अंगठ्यावर धान्यही मिळतं.

पुढच्या महिन्यात ती दुकानात गेली तेव्हा रामहरीनं आधीच मोबाइल काढून ठेवला होता.

"सासवड," तो म्हणाला.

"भोरच्या पुढं म्हंजी घाटाखाली आसल. नीट बघा, भाऊ."

"सासवडच हाय, वैनी. मी काय मेंढ्या न्हाय राखल्या, पर नंबर वाचता येतो."

म्हाळसा पायरीवर बसली. ह्या दिवसांत कळप खाली उतरतात. सगळे. इकडं गवताची काडी नसते, जनावर उपाशी मरेल. मेंढरं मावळतीला जात असताना हा माणूस उगवतीला चालला होता. म्हणजे त्याच्यासोबत मेंढरं नव्हती.

तिनं मल्हारला फोन लावला. तो कोकणात पोचला होता, मागून वाऱ्याचा आणि कुत्र्यांचा आवाज येत होता.

"गेणूमामा? वाटंत त्येचा कळप गाठ पडला, भोरपतूर हुता आमच्यासंगं. घाट उतरायच्या आधी मालकाला म्हणला, मी चाललो. मालक म्हणला, पगार घे. तर म्हणला, पगार नगं, ती वाघर द्या."

"वाघर?"

"व्हय. मेंढरं कोंडायची जाळी. नवी हुती, मालक कुरकुरला. पर दिली." मल्हार हसला. "मेंढरू न्हाय एक आन् वाघर घिऊन चाललाय गडी. मामी, त्येचं डोकं ठिकाणावर हाय न्हवं?"

म्हाळसानं फोन ठेवला.

पौषात अंगठा कऱ्हाटीत उठला. कऱ्हाटी म्हणजे बारामती तालुका. रामहरीलाच आता तिची काळजी वाटायला लागली होती. भला माणूस, पण सगळ्या अडचणी अर्जानं सुटतात अशी त्याची समजूत.

"इंदापूरला तहसीलात जावा. पुरवठा शाखेत सांगा, नवरा घर सोडून गेलाय, नाव कमी करा. पंचनामा करत्याल, दोन हेलपाटं पडत्याल. पर निदान तुमचं दोघींचं तरी घरात यील. किती दिस उसनं खाणार?"

आक्काबाईनं तिथंच री ओढली. "नाव कमी कर म्हणत्यात, कुकू पुस न्हाय म्हणत. जा की."

म्हाळसा एकदा गेलीही. सकाळची एसटी धरून इंदापूरला उतरली, कचेरीच्या व्हरांड्यात बसली, नंबर आला. टेबलामागच्या माणसानं चांगुलपणानं विचारलं, "बोला मावशी, काय करायचंय?" तेव्हा तिच्या लक्षात आलं की नाव कटलं तर अंगठा कुठं उठला हे परत कधी कळणार नाही. धान्य येईल, पण तो कुठं आहे ते दिसायचं बंद होईल. कळपावर लांडगा फिरतोय हे ठाऊक असताना कुत्रं कोण विकतं?

"काय न्हाय," ती म्हणाली. "कार्ड चालू हाय का तेवढं बघायचं हुतं."

"चालू आहे."

"मग बरं," ती म्हणाली आणि परत आली.

तेव्हापासून ती धान्यासाठी दुकानात जात नव्हती, ठावठिकाणा विचारायला जात होती. घरात किराणा दुकानातली ज्वारी, आक्काबाईकडून आणलेला तांदूळ. आक्काबाई देतानाही टोमणा सोडत नव्हती, पण शेर भरून देत होती.

माघात रामहरी तिला बघूनच उठून उभा राहिला.

"पणदरं."

पणदऱ्याहून बारामती किती लांब? दुधाची गाडी सकाळी दोनदा जाते-येते. बारामतीत छकुली होती, खासगी दवाखान्यात कामाला, चार मुलींसोबत खोली करून. दर आठवड्याच्या सुट्टीला ती निरवांगीला यायची. आता तिनं कुठं असावं, इथं की तिथं, ते म्हाळसाला ठरवता येईना. शेवटी तिनं फोन केला.

"छकुले, ह्या महिन्यात येऊ नगंस."

"का गं आये?"

"हितं साथ हाय तापाची."

"मग मी नर्स कशाला झाली?" छकुली हसली. "तुला झालाय का ताप? खरं सांग."

"मला काय धाड भरत न्हाय. तू तितंच ऱ्हा. आन् कुणी वळखीचं आलं, चल म्हणलं, तर जाऊ नगंस."

"कोण येणाराय वळखीचं? आये, तू कायतरी लपवतीयास."

सांगायची वेळ ती होती. म्हाळसाच्या तोंडाशी आलंही. पण दोन वर्षांचं खोटं फोनवर कसं उकलायचं, कुठल्या टोकापासून, हे तिला सुचलं नाही. "बॅटरी संपली," म्हणून तिनं फोन बंद केला.

शिमग्याच्या महिन्यात धान्य आलं त्या दिवशी दुकानात फारशी रांग नव्हती. रामहरीनं अंगठा पुसला, दाबला. मशीन वाजलं, आणि खरखरत पावती बाहेर आली. रामहरीनं ती टरकन फाडून हवेत धरली.

"वैनी, सुटला. ह्या बारीला कुणीच उचललं न्हाय. तिघांचं सगळं तुमचं."

"दुसरीकडं बघा."

"बघितलं. कुठंच न्हाय. गेला आसल लांब, न्हायतर कट्टाळला आसल. भरा पिशवी. पोतंच घिऊन यायचं हुतं."

त्यानं स्वतःच्या दुकानातलं रिकामं पोतं दिलं, गहू-तांदूळ भरून तोंड बांधलं, तिच्या डोक्यावर चढवायला हात लावला. पाच महिन्यांनी म्हाळसाच्या डोक्यावर सरकारी धान्य आलं होतं. रामहरी खूश होता. तिच्या चेहऱ्याकडं बघून त्याचं हसू ओसरलं.

"आता काय झालं?"

"ज्याला घरी जेवायचं आसतं त्यो वाटंत शिधा घेत न्हाय, भाऊ," म्हाळसा म्हणाली आणि निघाली.

वाटेत तिनं पोतं न उतरवता एका हातानं छकुलीला फोन लावला. रिंग गेली, उचलला नाही. पुन्हा लावला. कामावर असेल, असं तिनं स्वतःला सांगितलं. कालव्याच्या पुलावर आक्काबाई धुण्याची बादली घेऊन समोरून येत होती. ती थांबली. आज तिनं टोमणा मारला नाही. नुसतं म्हणाली, "जा बाई लवकर. पाव्हणं आल्यात," आणि बाजूनं निघून गेली.

घर दिसलं. अंगणाभोवती जाळी लावलेली होती.

नवी वाघर, अजून चिखल न लागलेली. खुंट्या सारख्या अंतरावर ठोकलेल्या, जाळी ताणून बांधलेली, कळप बसवताना बांधतात तशी. नुसत्या वाड्याला नाही, वाडा आणि घर दोन्ही आत घेऊन. एका जागी तोंड मोकळं ठेवलं होतं, मोजत मोजत जनावर आत सोडायला ठेवतात तेवढं. त्या तोंडाशी गेणू बसला होता. दाढी पांढरी झालेली, एक पाय सरळ पसरलेला. मांडीवरून त्या मोकळ्या जागेवर आडवी टाकलेली काठी.

जाळीच्या आत एकच मेंढी होती. काळी, अंगानं भरलेली. ओसरीच्या पायरीवर पांढरे बूट होते, दवाखान्यात घालतात तसले. शेजारी छकुली उकिडवी बसून मेंढीला पाला चारत होती.

"आये," ती उठली. तिचा चेहरा उजळला होता. "आबा आला बघ. थेट दवाखान्यात आलता मला न्यायला. मी फोन करणार हुती, आबा म्हणला नगं, तसंच जाऊ. आन् ही बघ. म्हणतोय, बियाण्याला आणलीय. कसलं बियाणं, इचारलं तर सांगंना. म्हणतोय, तुझी आय आल्यावर सांगतो."

म्हाळसा जाळीबाहेर उभी राहिली. मानेत कळ आली होती. पोत्यात तिघांचं धान्य होतं, त्यात गेणूचंही होतं.

गेणूनं काठी उचलली आणि मोकळ्या तोंडावरून बाजूला घेतली.

"ये आत," तो म्हणाला. आवाज होता तसाच, हळू. "पोरीसमोर मोजायचं ऱ्हायलंय. एक म्या आणलीया. बाकीची किती हुती, ती तू मोज."

छकुली हसत आईकडं बघत होती, गंमत कळायची वाट बघत. म्हाळसा वाकली आणि पोतं डोक्यावर सांभाळत आत गेली. तिच्यामागं गेणूनं काठी पुन्हा आडवी टाकली.